चाल कुणाची, कागद कुणाचा?

मागच्या अंकात एका वाचकाला उत्तर देता देता मी सहज एक वाक्य टाकून गेलो होतो, की चार्ली चॅप्लिनला रीतसर स्पर्धेतलं, म्हणजे नॉमिनेशन वगैरे होऊन मिळालेलं ऑस्कर आयुष्यात एकच, आणि ते ना अभिनयाचं ना दिग्दर्शनाचं, ते संगीताचं. झालं. एवढी पत्रं, ईमेल आणि व्हॉट्सॲप आले की संपादकबाईंनी फोन करून सांगितलं, या वेळचं सगळं सदर त्यालाच द्या आणि एकदाचं मिटवा. तर आज फक्त चॅप्लिन आणि त्याच्या चाली. नेहमीप्रमाणे वाचकांची नावं नाहीत, फक्त गावं.

प्रश्न (पुणे): तुमचं ते वाक्य वाचून मी मुलाशी पैज लावली. तो म्हणतो चॅप्लिनला ऑस्कर मिळालं ते १९७२ ला आणि ते मानाचं होतं, संगीताचं वगैरे काही नाही. हरणाऱ्याने मिसळ द्यायची ठरलंय, खरं काय ते लवकर सांगा.

उत्तर: ताई, मिसळ मुलाच्या खिशातून. तो म्हणतो ते खोटं नाहीये, फक्त अर्धं आहे. चॅप्लिनला मानाचं ऑस्कर दोनदा मिळालं, एक १९२९ च्या पहिल्याच समारंभात 'द सर्कस'साठी आणि दुसरं १९७२ ला, जेव्हा तो वीस वर्षांनी अमेरिकेत परत आला आणि लोक उभे राहून टाळ्या वाजवायचे थांबेचनात. यूट्यूबवर आहे ते, बघा, म्हातारा रडवेला झालाय. पण त्याच्या पुढच्या वर्षी, २७ मार्च १९७३ ला, 'लाइमलाइट' या सिनेमाच्या संगीताला ऑस्कर मिळालं आणि ते बाकीच्यांशी स्पर्धा करून. त्यात चॅप्लिनबरोबर रेमंड रॅश आणि लॅरी रसेल अशी आणखी दोन नावं आहेत.

आता गंमत अशी की 'लाइमलाइट' १९५२ चा. सिनेमा १९५२ चा आणि बक्षीस १९७३ ला, हे कसं? तर १९५२ च्या सप्टेंबरमध्ये चॅप्लिन बायकोमुलांना घेऊन बोटीने इंग्लंडला निघाला, लंडनला प्रीमियर होता, आणि बोट समुद्रात असतानाच अमेरिकन सरकारने त्याचा परत यायचा परवाना रद्द करून टाकला. कम्युनिस्ट असल्याचा संशय, खाजगी आयुष्यातल्या भानगडी, आणि चाळीस वर्षं तिथे राहून अमेरिकेचं नागरिकत्व घेतलं नाही याचा राग, असं सगळं एकत्र साचलेलं होतं. हा पठ्ठ्या परत गेलाच नाही, स्वित्झर्लंडला घर घेतलं. आणि तिकडे अमेरिकेत बऱ्याच थिएटरवाल्यांनी 'लाइमलाइट' लावायलाच नकार दिला. ऑस्करचा तेव्हाचा नियम असा की सिनेमा लॉस एंजेलिसमध्ये थिएटरला लागलेला पाहिजे. तो तिथे लागला थेट १९७२ ला. म्हणजे कागदोपत्री तो सिनेमा त्या वर्षीचा नवाकोरा झाला!

अजून एक चविष्ट गोष्ट सांगतो. त्याच वर्षी त्याच विभागात 'द गॉडफादर'च्या नीनो रोटाला आधी नॉमिनेशन होतं, पण त्याने ती सुरावट स्वतःच्याच एका जुन्या इटालियन सिनेमात वापरली होती हे लक्षात आलं आणि नाव काढून घेतलं. म्हणजे एकाची चाल जुनी म्हणून बाद आणि जिंकली कुठली, तर वीस वर्षं डब्यात पडून राहिलेली. मुलाला हे सांगा, मिसळीबरोबर ताकही वसूल होईल.

प्रश्न (मिरज): मी तबला शिकवतो. मी असं वाचलं की चॅप्लिनला नोटेशन लिहिताही येत नव्हतं आणि वाचताही येत नव्हतं, संगीत दुसरेच लोक लिहून द्यायचे आणि हा आपलं नाव लावायचा. तुम्ही त्याला संगीतकार म्हणता हे मला काही पटलं नाही.

उत्तर: गुरुजी, तुम्ही मिरजेचे, तुमच्यासमोर सुराबद्दल बोलायचं म्हणजे काशीला जाऊन गंगाजल विकण्यासारखं आहे, तरी बोलतो. पहिला भाग खरा आहे. चॅप्लिनला नोटेशन येत नव्हतं. पियानोवर तो थोड्या बोटांनी वाजवायचा, कानावर वाजवायचा. त्याची पद्धत अशी की सिनेमाची रिळं पुन्हा पुन्हा बघायची, गुणगुणायचं, ला-ला करून गायचं, पियानोवर दोन ओळी काढून दाखवायच्या, आणि शेजारी बसलेला माणूस ते कागदावर उतरवणार. मग तो माणूस ते वाजवून दाखवणार आणि हा म्हणणार, नाही, तिथे नको, वरचा सूर घे, इथे थांब, परत. असं दिवसच्या दिवस.

'सिटी लाइट्स'ला हे काम आर्थर जॉन्स्टनने केलं आणि सहाएक आठवड्यांत उरकलं. 'मॉडर्न टाइम्स'ला डेव्हिड रॅक्सिन नावाचा तेवीस वर्षांचा पोरगा आणला, न्यूयॉर्कहून. हा रॅक्सिन पुढे स्वतः मोठा संगीतकार झाला. तर या पोराने काय केलं, चॅप्लिनला सरळ सांगायला लागला की ही ओळ चांगली नाही, हे असं नको. तोपर्यंत चॅप्लिनला त्याच्याच स्टुडिओत कुणी असं बोललेलं नव्हतं. दीड आठवड्यात पोराला नारळ! मग ऑर्केस्ट्राचा प्रमुख आल्फ्रेड न्यूमन याने त्या पोराने केलेलं काम बघितलं आणि चॅप्लिनला समजावलं की याला घालवू नकोस. रॅक्सिन परत आला, पण परत येताना म्हणाला की मी हांजी हांजी करणार नाही, भांडणारच. आणि पुढे साडेचार महिने दोघं भांडत भांडत काम करत बसले. शेवटी रेकॉर्डिंगच्या वेळी तर न्यूमनचंच चॅप्लिनशी वाजलं आणि तो निघून गेला. एवढी भांडणं ज्या माणसाशी होतात तो नुसतं नाव लावणारा कसा असेल, सांगा. ज्याला काही कळत नाही तो मालक 'छान छान' म्हणून चेक फाडतो.

आता तुमचा दुसरा भाग. मला वाटतं आपल्याकडच्या लोकांना तरी हे पटायला जड जाऊ नये. आपण म्हणतो 'चाल लावली'. कुणी लावली? ज्याच्या गळ्यातून किंवा पेटीवरून ती पहिल्यांदा निघाली त्याने. कागद कुणी लिहिला हे आपण विचारतच नाही. १९११ च्या 'मानापमान'च्या चाली गोविंदराव टेंब्यांच्या, त्यांचं नोटेशन कुणी लिहिलं असं कुणी विचारल्याचं मला आठवत नाही. आणि मुंबईच्या हिंदी सिनेमात तर किती वर्षं हाच कारभार होता, संगीतकार पेटीवर चाल देणार आणि गोव्याचे वादक-अरेंजर ती पाच रेघांच्या कागदावर उतरवून पन्नास व्हायोलिनना वाटून देणार. सेबॅस्टियन डिसोझा, माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस (हो, प्यारेलालजींचे व्हायोलिनचे गुरुजी, त्या गाण्यातले अँथनी ते हेच) ही माणसं नसती तर ती गाणी तशी वाजलीच नसती. त्यांना श्रेय कमी मिळालं हे कबूल. त्यावर भांडा, मी तुमच्या बाजूने. पण म्हणून चाल देणारा चोर ठरत नाही.

हां, एका बाबतीत मी तुमच्या पारड्यात वजन टाकतो. रॅक्सिनसारख्या माणसाने जे केलं ते नुसतं लेखनिकाचं काम नव्हतं. दोन ओळींच्या मुखड्याचा दहा मिनिटांचा प्रवेश करायचा, बासरीला काय, चेलोला काय, हे ठरवायचं, याला डोकं लागतं. चॅप्लिनच्या पाट्यांवर 'संगीत: चार्ल्स चॅप्लिन' हे जेवढ्या मोठ्या अक्षरात यायचं त्या मानाने बाकीच्यांची अक्षरं बारीकच.

प्रश्न (नाशिक): मी अकरावीत आहे, व्हायोलिन शिकते. चॅप्लिन संगीत कुठे शिकला? त्याला क्लास होता का?

उत्तर: क्लास वगैरे काही नाही गं, घरात खायचे वांधे होते. पण आई आणि वडील दोघंही लंडनच्या म्युझिक हॉलचे गायक. म्युझिक हॉल म्हणजे साधारण आपल्या तमाशाच्या आणि नकलांच्या मधलं काहीतरी, गाणी, विनोद, नाच, समोर दारू पिणारं पब्लिक. चार्ली पाच वर्षांचा असताना आल्डरशॉट नावाच्या लष्करी गावात आईचा आवाज स्टेजवरच फाटला, सोल्जर लोक हुर्यो करायला लागले, आणि मॅनेजरने या पोराला पुढे ढकललं. पोरगं गायला लागलं, लोकांनी नाणी फेकली, तर याने गाणं मध्येच थांबवलं आणि जाहीर केलं की आधी पैसे गोळा करतो मग गातो. लोक हसून बेजार. आईचं गाणं मात्र तिथून सुटलं ते सुटलंच.

दुसरा प्रसंग त्याने आत्मचरित्रात लिहिलाय तो मला जास्त आवडतो. केनिंग्टन क्रॉसला, रात्री, रस्ता सुनसान, हा लहान पोरगा एकटाच, आणि कोपऱ्यावरच्या गुत्त्याच्या दारातून अचानक संगीत यायला लागलं. एक पेटी आणि एक क्लॅरिनेट. पेटी म्हणजे आपलीच ती, हार्मोनियम. संगीत म्हणजे काय असतं ते मला तिथे पहिल्यांदा कळलं, अशा अर्थाचं तो म्हणतो. मी ते वाचलं तेव्हा पहिल्यांदा वाटलं की अरे, हा तर आपल्या गल्लीतला.

आता तुझ्या कामाचं. सोळाव्या वर्षापासून तो व्हायोलिन आणि चेलो रोज चार ते सहा तास घासायचा, नाटक कंपनीबरोबर गावोगाव फिरताना भाड्याच्या खोलीत. आठवड्यातून एकदा थिएटरच्या ऑर्केस्ट्रातल्या कुणाकडून तरी धडा घ्यायचा. आणि तो डावखुरा! त्यामुळे व्हायोलिनच्या तारा उलट्या लावून घेतलेल्या, आतली पट्टी आणि खुंटीसुद्धा उलट्या बाजूला. १९१६ चा 'द व्हॅगाबाँड' बघ, त्यात तो रस्त्यावर व्हायोलिन वाजवतो, गज डाव्या हातात आहे. तुझ्या सरांना दाखव आणि त्यांचा चेहरा कसा होतो ते बघ.

त्याला मोठा वादक व्हायचं होतं, पण आपण कधीच उत्तम वाजवणार नाही हे कळल्यावर सोडून दिलं, असं तो स्वतःच सांगतो. गाणी छापायची कंपनीही काढून झाली, १९१६ ला, म्हणजे सिनेमात आठवड्याला हजारो डॉलर कमवत असताना. भागीदार घेतला, ऑफिस घेतलं, दोन हजार प्रती छापल्या. विकल्या किती? त्याच्याच हिशोबाने तीन. त्यातली एक एका संगीतकाराने घेतली आणि दोन जिना उतरताना सहज आत डोकावलेल्या लोकांनी. ऑफिस बंद.

प्रश्न (ठाणे): चॅप्लिनचे सिनेमे मूकपट ना? मग त्यात संगीत आलं कुठून? आमच्या लहानपणी तर नुसती ती धडधड पळणारी माणसं दिसायची आणि मागे कसलातरी पियानो.

उत्तर: तो 'कसलातरी पियानो' हाच तर सगळा घोळ आहे. मूकपट मूक कधीच नव्हते. थिएटरमध्ये समोर बसून कुणीतरी वाजवायचं, तिकडे पियानो किंवा ऑर्केस्ट्रा, आपल्याकडे पेटी-तबला. पण ते ज्या त्या थिएटरच्या मर्जीचं. आज अमुक वाजवलं, उद्या वाजवणारा आजारी, परवा दुसराच. चॅप्लिनला हे अजिबात सहन व्हायचं नाही. म्हणून १९२७ नंतर बोलपट आले आणि सगळी इंडस्ट्री बोलायला लागली तेव्हा याने उलटंच केलं, बोलणं नाकारलं आणि आवाजाच्या पट्टीचा उपयोग फक्त संगीतासाठी केला. 'सिटी लाइट्स' ३० जानेवारी १९३१ ला लॉस एंजेलिसला लागला, पाहुणा म्हणून शेजारी आइनस्टाइन, बाहेर सगळीकडे बोलपटांचा धुमाकूळ आणि पडद्यावर एक चकार शब्द नाही.

माझा एक अनुभव सांगतो. आम्ही कॉलेजात असताना एका फिल्म सोसायटीने (नाव नाही घेत, बंद पडून जमाना झाला) 'सिटी लाइट्स' दाखवला, १६ एमएमचा प्रोजेक्टर, शाळेचा हॉल, पंख्याचाच आवाज जास्त. पहिल्या रिळानंतर प्रोजेक्टरचा आवाज गेला. चालवणारा म्हणाला काही हरकत नाही, मूकपटच आहे, बघा तसाच. आम्ही बघितला. हसू यायचं, पण कसं, सुटं सुटं. मग तो पार्टीचा सीन आला. चार्ली चुकून शिट्टी गिळतो, त्याला उचक्या लागतात, आणि प्रत्येक उचकीला पोटातून शिट्टी वाजते. तिकडे एक गवई गायला उभा, तो तोंड उघडतो की इकडे शिट्टी. शेवटी चार्ली बाहेर जाऊन उभा राहतो तर शिट्टी ऐकून टॅक्सी येते, मग गल्लीतली कुत्री येतात. आता हे सगळं आवाजाशिवाय बघा! हॉलमध्ये आम्हाला एवढंच दिसत होतं की एक माणूस दचकतोय आणि दुसरा चिडतोय आणि मग कुत्री का आली ते देवाला ठाऊक. तो सिनेमा मूक नव्हताच हे मला त्या दिवशी आवाज गेल्यामुळे कळलं.

त्याच सिनेमाची सुरुवात आठवा. पुतळ्याचं अनावरण आहे, पुढारी भाषण करतोय आणि त्याच्या तोंडून शब्द येतच नाहीत, पिपाणीसारखं 'प्यँ प्यँ प्यँ' येतं. बोलपटांची आणि पुढाऱ्यांची एका दगडात. आमच्या हॉलमध्ये तेवढं पहिलं रीळ नीट वाजलं होतं, लोक खुर्चीवरून पडत होते.

पण यापेक्षा महत्त्वाचं सांगतो. विनोदी सीनला विनोदी संगीत, म्हणजे पडला की ढुम्म, घसरला की सूंऽऽ, ही सवय आपल्या टीव्ही सिरीयलनी अजून सोडलेली नाही. चॅप्लिनच्या अरेंजरनाही तेच हवं असायचं. हा म्हणायचा नको. मला गोड, नाजूक, रोमँटिक पाहिजे. फाटक्या बुटाच्या माणसामागे राजवाड्यात शोभेल असं संगीत लावायचं. हे तो फ्रेड कार्नोच्या विनोदी नाटक कंपनीत शिकला, १९०८ पासून तिथे नोकरीला होता, तिथे स्टेजवर भिकाऱ्यांचा गोंधळ चालायचा आणि मागे जुन्या दरबारी थाटाची सुंदर सुरावट वाजायची. 'सिटी लाइट्स'चा शेवट आज लावून बघा, एकदा आवाज बंद करून आणि एकदा चालू करून. आंधळ्या फुलवालीला आता दिसतंय, समोरच्या भिकाऱ्याला ती नाणं द्यायला जाते, हातात हात येतो आणि ती हात दाबून बघते, मग बाहीवरून, खांद्यावरून बोटं फिरवते. आवाज बंद असताना तुम्ही तिच्याकडे बघता. आवाज चालू केलात की तुम्ही त्याच्याकडे बघायला लागता, दातांत बोट धरून हसणाऱ्या त्या माणसाकडे. चित्र तेच आहे, नजर कुठे न्यायची ते व्हायोलिन ठरवतात.

प्रश्न (कोल्हापूर): 'स्माइल' हे नॅट किंग कोलचं गाणं चॅप्लिनचंच का? आणि त्याने दुसऱ्याच्या चाली ढापल्या असंही ऐकलंय.

उत्तर: चाल त्याचीच, 'मॉडर्न टाइम्स' मधली, १९३६. पण तेव्हा त्याला शब्द नव्हतेच, नुसती वाद्यांवरची सुरावट होती. शब्द १९५४ ला जॉन टर्नर आणि जेफ्री पार्सन्स या दोघांनी घातले आणि त्याच वर्षी नॅट किंग कोलने ते गायलं. अठरा वर्षं बिनशब्दांची फिरलेली चाल! पुढे मायकेल जॅक्सननेही गायलं.

ढापण्याचं म्हणाल तर एक प्रकरण खरं आहे. 'सिटी लाइट्स' मध्ये आंधळी फुलवाली आली की जी धून वाजते ती 'ला व्हायोलेतेरा', होसे पादिया या स्पॅनिश संगीतकाराची. फुलवालीचंच गाणं आहे ते मुळात. चॅप्लिनने ती वापरली आणि पादियाचं नाव दिलं नाही. पादिया कोर्टात गेला आणि जिंकला. बरं झालं. माझ्या मते यात चॅप्लिनची बाजू घ्यायला काही जागाच नाही, बाकीच्या सगळ्या चाली स्वतःच्या करतोस आणि जी सगळ्यात जास्त लक्षात राहते तिच्या मालकाचं नाव गाळतोस, हे काय.

'मॉडर्न टाइम्स' मधलं ते हॉटेलातलं गाणं मात्र उघडउघड जुनं फ्रेंच गाणं आहे, 'तितिन'. तिथे गंमत चालीची नाहीये. वेटर चार्लीला गाणं पाठ होत नाही म्हणून शब्द बाहीच्या कफवर लिहून दिलेत, हा जोशात हात फेकतो आणि दोन्ही कफ उडून जातात. मग जे काय सुचेल ते, अर्धं इटालियन वाटणारं, अर्धं फ्रेंच वाटणारं, अर्थ शून्य. चॅप्लिनचा आवाज पडद्यावर जगाने पहिल्यांदा ऐकला तो हा. बोल बोल म्हणून सगळे मागे लागलेले, तर घ्या, बोललो!

प्रश्न (पणजी): अमेरिका सुटल्यावर त्याचं संगीत संपलं का?

उत्तर: उलट. अभिनय संपत गेला, संगीत वाढत गेलं. स्वित्झर्लंडमध्ये जिनिव्हाच्या सरोवराजवळ व्हेव्हे गावाशेजारी मोठं घर, आणि एरिक जेम्स नावाचा इंग्लिश पियानोवादक तिथे येऊन त्याच्या गुणगुणण्याचं कागदावर करायचा, शेवटची वीसेक वर्षं. १९६७ ला 'अ काउंटेस फ्रॉम हाँगकाँग' आला, ब्रँडो आणि सोफिया लॉरेन, आणि साफ आपटला. चॅप्लिन त्यात बोटीवर मळमळणाऱ्या म्हाताऱ्या नोकराच्या कामात क्षणभर दिसतो. पण त्यातलं 'धिस इज माय साँग', शब्द आणि चाल दोन्ही त्याचे, पेट्युला क्लार्कने गायलं आणि इंग्लंडात एक नंबरला गेलं. सिनेमा पडला, गाणं उठलं, हे आपल्याला काय नवीन आहे म्हणा.

आणि मग त्याने जे केलं ते मला सगळ्यात विलक्षण वाटतं, त्याने आपले जुने मूकपट काढले आणि एकेकाला बसून नवीन संगीत दिलं. 'द गोल्ड रश'ला आधीच, १९४२ ला, देऊन झालं होतं. आता 'द सर्कस', मग १९७१ ला 'द किड'. म्हणजे विचार करा, तिशीतल्या स्वतःला ब्याऐंशी वर्षांचा माणूस चाल लावतोय. सगळ्यात शेवटी 'अ वूमन ऑफ पॅरिस', सिनेमा १९२३ चा आणि संगीत १९७६ चं. वय ८७. बोलणं कमी झालेलं, हिंडणं-फिरणं जवळपास बंद. पुढच्या वर्षीच्या नाताळच्या दिवशी गेला.

प्रश्न (डोंबिवली): आपल्या मराठीत असं कोणी झालं का हो, की फक्त गोऱ्यांचंच कौतुक?

उत्तर: अहो रागावू नका. 'सिटी लाइट्स' नंतर वर्षभरातच, १९३२ ला, प्रभातचा 'अयोध्येचा राजा' आला, पहिला मराठी बोलपट. त्यात दुर्गाबाई खोटे तारामती आणि राजा हरिश्चंद्र कोण, तर वर ज्यांचं नाव आलं तेच गोविंदराव टेंबे. आणि संगीतही त्यांचंच. फरक एवढाच की टेंबे आधीपासून नामवंत पेटीवादक, त्यांना कुणी 'तुम्हाला येतं का हो' असं विचारलं नसतं. दुसरं नाव तुम्हालाही माहितीये, १९५३ चा 'गुळाचा गणपती'. कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि नायक, सगळीकडे पु. ल. देशपांडे. तरी गाणी गदिमांकडून लिहून घेतली आणि 'इंद्रायणी काठी' भीमसेनजींना गायला दिलं, म्हणजे कुठे थांबायचं तेही ठाऊक होतं. पुलंच्या संगीतावर वेगळं सदर करू, नाहीतर हे पान संपायचं नाही.

प्रश्न (सातारा): सहा वर्षांच्या नातवाला चॅप्लिन दाखवायचाय. सुरुवात कशाने करू?

उत्तर: 'द सर्कस'. पण यूट्यूबवरची कुठलीतरी कापलेली क्लिप नको, त्यात मागे भलतंच काहीतरी वाजतं. १९६९ ला त्याने नव्या संगीतासह काढलेली आवृत्ती बघा. सुरुवातीलाच पाट्या येतात, एक मुलगी सर्कशीच्या कड्यांना धरून झोके घेतेय आणि मागे एक पुरुष गातोय, 'स्विंग लिटिल गर्ल'. जाड, थोडासा थरथरणारा आवाज. तो चॅप्लिन आहे, ऐंशीच्या घरातला. गाणं संपतं आणि पाच-दहा मिनिटांत तोच माणूस अडतीस वर्षांचा होऊन पडद्यावर पोलिसाच्या पुढे पळत सुटतो. नातवाला आधी काही सांगू नका. सिनेमा संपल्यावर विचारा, ते पहिलं गाणं कोण गात होतं? काय म्हणतो ते मला नक्की कळवा.